एका बिल्ल्यावर दोघी

थोरलीचा रिपोर्ट चांगला आला, त्या दिवसापासून घरात हसू मावेनासं झालं होतं.

थोरली म्हणजे धाकटीची जाऊ. दोघींना नावं होती, पण ती कागदावर. लग्न होऊन आल्या तेव्हापासून एक थोरली आणि एक धाकटी. पुढे गल्लीनेही तेच उचललं. थोरलीचे यजमान जाऊन बरीच वर्षं झाली होती. ती लेकीला घेऊन खालच्या मजल्यावर राहायची, धाकटी आणि तिचा नवरा वर. मधे एक जिना. मीठमिरचीपासून मनातल्या सलापर्यंत सगळं त्या जिन्यावरूनच खालीवर व्हायचं. जावाजावांचं कधी पटत नाही म्हणणारी माणसं या दोघींपुढे आली की विषय बदलत.

काखेत गाठ हाताला लागली तेव्हा थोरलीने पहिली हाक जिन्यावरूनच मारली होती. मग सुई टोचून नमुना काढला, तो प्रयोगशाळेत गेला आणि सगळ्यांचा जीव टांगणीला लागला. धाकटीने कुणाला न सांगता गोड सोडलं. रिपोर्ट येईपर्यंत साखरेचा कणही तोंडात घालायचा नाही, एवढाच तिचा साधा नेम. थोरलीच्या लेकीने, बिट्टीने, आपला वेगळाच हट्ट धरला. दूरच्या शहरात, खाडीवर पूल बांधणाऱ्या कंपनीत तिला नोकरी लागली होती. "आईचं कळल्याशिवाय मी हलत नाही," म्हणून तिने भरलेली बॅग पुन्हा रिकामी केली.

आणि एका सकाळी थोरलीच्या मोबाइलवर प्रयोगशाळेचं ते पान उघडलं. नमुन्यात कोणताही दोष आढळला नाही. बिट्टी मायलेकींच्या त्या दोन खोल्यांत अक्षरशः नाचली. थोरलीने चष्मा वर करून दोनदा वाचलं आणि म्हणाली, "बघा. उगाच माझं डोकं खाल्लंत सगळ्यांनी." धाकटी वर गेली, देवापुढे साखरेची वाटी ठेवली, हात जोडले, चिमूटभर तोंडात टाकली आणि नेम सोडला. बिट्टीची बॅग पुन्हा भरली. कंपनीचा होकार आला. आज दुपारी चारच्या गाडीने ती निघणार होती.

धाकटीने अर्ध्या दिवसाची रजा मागून ठेवली होती. सकाळचं काम उरकावं आणि गाडीवर जावं, असा बेत होता.

ती एका छोट्या कचेरीत वेबसाइट बांधायचं काम करायची. प्रयोगशाळेची साइट तिच्याच हातची. त्या सकाळी ती खुर्चीत टेकते न टेकते तोच साइटवर तक्रारीसाठी दिलेला फोन वाजला.

"हे बघा बाई, मी निवृत्त माणूस आहे," पलीकडचा आवाज म्हणाला, "आणि तुमची साइट म्हणते, माझं गर्भाशय ठणठणीत आहे."

"काय म्हणालात?"

"गर्भाशय. गाठ नाही, सूज नाही. आमची ही म्हणते, अभिनंदन, आता पेढे वाटा. घरात सगळे पोट धरून हसताहेत. पण माझ्या मूत्रपिंडाचं काय झालं ते कुणी सांगेल का?"

धाकटीही हसली. फोन ठेवेपर्यंत हसत होती. ठेवल्यावर मात्र तिने खुर्ची पडद्याजवळ ओढली, कारण असं नेमकं कशाने होऊ शकतं, हे त्या कचेरीत तिच्याइतकं कुणाला ठाऊक नव्हतं.

साइट जन्माची विसरभोळी असते. तुम्ही आत्ता आलात, नाव सांगितलंत, पुढच्या पानावर गेलात की ती तुम्हाला ओळखत नाही. दर पानाला "आपण कोण?" म्हणून विचारायची वेळ येईल. म्हणून साइट जिच्या आधाराने बांधतात ती फ्रेमवर्क एक युक्ती करते. आलेल्या प्रत्येकाच्या हातात गुपचूप एक बिल्ला देते, सामान ठेवायच्या खिडकीवर देतात तसा, आणि आत फडताळात त्या आकड्याचा एक कप्पा उघडते. कप्प्यात लिहिलेलं असतं, हा बिल्ला अमक्याचा. यालाच सेशन म्हणतात. माणूस बिल्ला दाखवतो, साइट कप्पा उघडून बघते आणि त्याचं पान त्याच्यापुढे ठेवते.

पूर्वी हे कप्पे साइट चालवणाऱ्या प्रत्येक सर्व्हरवर वेगळे होते. एका सर्व्हरवर नाव सांगितलेला माणूस पुढच्या पानाला दुसऱ्या सर्व्हरवर गेला, की तिथे त्याचा कप्पाच नसायचा. धाकटीने सगळ्यांसाठी एकच मोठं फडताळ केलं. ते बरोबर केलं होतं. चुकलं ते पुढे, आणि एकदा नाही, दोनदा.

रिपोर्ट यायच्या वेळी साइटवर झुंबड उडायची. म्हणून नुकतंच तिने साइटच्या दाराशी एक मशीन बसवलं, तयार पानं आल्यागेल्याच्या हातात ठेवणारं. लॉगिनचं पान काय, सगळ्यांना सारखंच; दर वेळी नव्याने कशाला बनवायचं? पण त्या पानाला बिल्ला टाचलेला असतो, हे ती विसरली. पान साठलं, त्याबरोबर बिल्लाही साठला. मशीनने मग गर्दीतल्या सगळ्यांच्या हातात तेच पान दिलं, तोच बिल्ला. कप्पा एक, माणसं अनेक, आणि कप्प्यात नाव शेवटी आलेल्याचं.

एवढं होऊनही निभावलं असतं. माणसाने आपला मोबाइल नंबर टाकला की त्याचा जुना बिल्ला मोडून नवा द्यायचा, ही फ्रेमवर्कची चांगली सवय असते. ती सवय धाकटीने स्वतःच्या हाताने बंद केली होती. कारण थोरली. थोरलीचा एकदा बटण दाबून विश्वास बसत नसे. ती ते दोनदा दाबायची. पहिल्या दाबाने बिल्ला बदले, दुसरा दाब जुना बिल्ला घेऊन पोचे आणि साइट तिला बाहेर काढी. "तुझी साइट म्हणजे खाष्ट सासू आहे गं. उंबऱ्यात पाय ठेवला की हाकलते," थोरली म्हणाली होती. वयस्कर माणसं सगळी अशीच दाबत असतील, असं धाकटीच्या मनात आलं आणि तिने तो एक नियम काढून टाकला.

धाकटीने आधी दाराशी साठलेलं सगळं पुसलं, नियम परत लावला, फडताळ रिकामं केलं. सगळे बिल्ले रद्द. मग एकाच बिल्ल्यावर दोन नंबर कुठे कुठे आले, ते शोधून काढलं. पडद्यावर पानभर नंबर उतरले. वरून तिसऱ्या ओळीवर तिचे डोळे थांबले. तो नंबर तिला पाठ होता.

थोरलीने बघितलेला रिपोर्ट थोरलीचा नव्हता.

कोण बाई होती ती, त्याच मिनिटाला आपल्या घरी बसून नंबर टाकणारी, कुणास ठाऊक. तिचं नाव कप्प्यात मागाहून पडलं आणि थोरलीला तिचं पान दिसलं. पानावर नावही नव्हतं; गाडीत, रांगेत शेजारच्याने वाचू नये म्हणून प्रयोगशाळेनेच नाव दाखवू नका म्हटलं होतं.

कचेरीचा प्रमुख खुर्च्यांच्या मागून फेऱ्या मारायचा, म्हणून सगळे त्याला मुकादम म्हणत. तो तिच्या मागे येऊन उभा राहिला, सगळं ऐकलं आणि कपाळावर हात मारून प्रयोगशाळेच्या डॉक्टरीणबाईंना फोन लावला. बराच वेळ नुसतं "हो... हो" करत होता.

"दुपारनंतर त्या स्वतः एकेकाला फोन करणार आहेत," तो म्हणाला. "बहुतेकांचं ठीक आहे म्हणाल्या. दोघीतिघींना मात्र आजच बोलवायला लागेल."

"पडद्यावरच्या यादीत माझी जाऊ आहे."

 मुकादम खुर्ची ओढून बसला, आवाज खाली आणला. "हे बघ. किल्ली तुझ्याकडे आहे. एकदा उघडून बघ. चांगला निघाला तर तुला कुणाला काही सांगायलाच नको. कशाला उगाच जिवाला घोर?"

धाकटीच्या मनात तेच येऊन गेलं होतं, म्हणून तिला जास्त वाईट वाटलं. साइट हाती आली त्या दिवशी तिने देवापुढे एक ठरवलं होतं, की माणसांच्या देहातलं हे सगळं आपल्या हातून जातं, तर आपण ते उघडून बघायचं नाही. कधीच नाही. रोज सकाळी काम सुरू करताना ती ते मनाशी म्हणायची.

"एकीचा रिपोर्ट तिच्याआधी दुसरीने बघितला, त्यानेच तर हे झालंय," ती म्हणाली. "आता मी तिसरी नको. माझी रजा लावा."

"पण फोनवर तरी..."

"फोनवर नाही हो सांगता येत असलं."

थोरली चष्म्याच्या दुकानात मागच्या खोलीत काचा घासायची. दगडी चाकावर पाण्याची धार पडत असायची आणि दुधासारखा पांढरा गाळ खालच्या पत्र्यात उतरायचा. थोरलीच्या बाह्यांना तो गाळ वाळून चिकटलेला असे. धाकटी दारात उभी राहिली तेव्हा ती एक काच उजेडात धरून बघत होती.

"आलीस? अगं, मी पण निघतेच. ही एवढी जाड काच कुणाची माहितेय? आपल्या पेपरवाल्याची. म्हणजे तो आजवर कुणाचा पेपर कुणाकडे टाकत होता ते कळलं." हसत तिने मान वळवली आणि हसू तिथेच थांबलं. "काय झालं? बिट्टीचं काही?"

"नाही ताई. तुमचं आहे. मशीन बंद करा ना जरा."

चाक थांबायला वेळ लागला. पाणी ठिबकत राहिलं. धाकटीने उभ्याउभ्याच सांगितलं, काही न झाकता: तुम्ही बघितला तो रिपोर्ट दुसऱ्या बाईचा होता. चूक साइटची, म्हणजे माझी. तुमचा खरा रिपोर्ट मी बघितलेला नाही. डॉक्टरीणबाई दोघीतिघींना आजच बोलावणार आहेत.

थोरलीने हातातली काच कापडात गुंडाळली. मग कापड पुन्हा उघडून काच सरळ ठेवली.

"म्हणजे ती जी कोण बाई आहे, ती बरी आहे ना?"

"हो."

"तिला तिचं कळलंय?"

"तिला तिचंच पान दिसलं. तिची काही गडबड नाही."

"मग बरं." ती स्टुलावर बसली. "मीच कटकट केली होती, नाही का? सारखी बाहेर काढते, बाहेर काढते म्हणून."

"तसं नाही, ताई."

"तसंच असणार. तू माझं ऐकतेस, हेच वाईट." ती हसायला गेली, पण ते जमलं नाही. "देवाकडे बरं आहे बाई. तो तोंड बघून ओळखतो, त्याला बिल्ला लागत नाही."

धाकटीचा बांध तिथे फुटला. ती थोरलीच्या गुडघ्यांशी बसली आणि पांढऱ्या गाळाने भरलेल्या ॲप्रनमध्ये तोंड खुपसलं. थोरलीने तिला रडू दिलं. मग पाठीवर दोन थापा मारल्या, पुरे म्हणताना मारतात तशा.

"आता ऐक. गाडी चारची आहे."

"ताई, आत्ता बघू आपण. इथेच. चांगला असेल तर..."

"आणि नसेल तर? ती पोर माझं तोंड बघून ओळखेल. बॅग पुन्हा रिकामी करेल. एकदा केलीन. दुसऱ्यांदा केली तर कंपनी थांबायची नाही तिच्यासाठी." थोरलीने तिची हनुवटी वर केली. "गाडी सुटेपर्यंत मला काही माहीत नाही. तुलाही नाही. पूस डोळे."

"मी तिच्याशी खोटं बोलू?"

"बोलू नकोस. गप्प बस."

पण गप्प बसणं तिच्या नशिबात नव्हतं. गाडीच्या तळावर बिट्टी दोन बॅगा, एक उशी आणि पाण्याच्या बाटल्या घेऊन उभी होती, आणि बॅगेची चेन लागत नव्हती म्हणून तिच्यावर बसून धाकटीला दोन्ही बाजूंनी ओढायला लावत होती.

"काकू, जोर लाव. नुसता कीबोर्ड बडवून हातात काही राहिलं नाही तुझ्या."

"पूल बांधणार आहेस ना? चेन लागत नाही तुला."

"पुलाला चेन नसते!" बिट्टी खिदळली. चेन लागली. ती उठली, काकूच्या गळ्यात पडली आणि कानाशी म्हणाली, "आईकडे बघशील ना? मी फक्त त्या रिपोर्टच्या जिवावर निघालेय. तू पण बघितलास ना तो? साइट तुमचीच ना?"

थोरली पलीकडे बाटलीचं झाकण घट्ट करत होती. तिने वर बघितलं नाही.

"मी कुणाचे रिपोर्ट उघडत नाही गं," धाकटी म्हणाली. "माझा नेम आहे."

यात एक अक्षर खोटं नव्हतं. तरी ते बोलताना आपल्या नेमाचा आपणच आडोसा केला, हे तिला जिभेवर कळलं. बिट्टीने तिच्या गालाचा मुका घेतला. "अगदी देवमाणूस हो तू," म्हणाली आणि गाडीत चढली. खिडकीतून तिने आईला इतक्या सूचना दिल्या की शेजारची बाई कंटाळून दुसरीकडे बघू लागली. गाडी हलली. थोरली हात वर करून उभी राहिली. गाडी वळणाआड गेल्यावरही हात तसाच होता. शेवटी धाकटीने तो धरून खाली आणला.

तळाच्या कडेला एक बाक होता. दोघी तिथे बसल्या. धाकटीने थोरलीच्या मोबाइलवर साइट उघडून दिली. थोरलीने नंबर टाकला, मेसेजमधून आलेला आकडा टाकला. या वेळी बटण एकदाच दाबलं. 'रिपोर्ट पाहा' असं समोर आलं आणि तिचं बोट त्यावर थांबलं.

समोरून गाड्या येत होत्या, जात होत्या. माणसं उतरत होती, कुणाला तरी शोधत होती. थोरली त्यांच्याकडे बघत राहिली.  पडदा काळा झाला की थोरली अंगठ्याने तो जागा करायची आणि पुन्हा तशीच बसायची. असा बराच वेळ गेला. मग एकदाचं तिने बटण दाबलं, आणि पान उलटलं.

आपला वेळ संपला आहे. कृपया पुन्हा लॉगिन करा.

"हे काय? परत हाकललंन?"

"फार वेळ हात लावला नाही की कप्पा आपणहून रिकामा होतो, ताई. मोबाइल कुणाच्या हाती पडला तर त्याने बघू नये म्हणून. मीच ठेवलंय तसं."

"बरं केलंस," थोरली म्हणाली, आणि पुन्हा नंबर टाकू लागली. दुसऱ्या खेपेला ती थांबली नाही.

तिने चष्मा वर केला, मोबाइल लांब धरला. धाकटीने मान फिरवली होती.  थोरलीने मोबाइल तिच्यापुढे केला. "वाच. मी दाखवतेय, म्हणजे तुझा नेम मोडत नाही."

नमुन्यात कर्करोगाच्या पेशी आढळल्या. तातडीने डॉक्टरांना भेटावे.

"हे माझंच ना? नक्की?"

धाकटीने सकाळी सगळं तपासलं होतं. एकेक नियम लावून, दहादा उघडून, बंद करून. आता तिथे चुकायला जागा उरली नव्हती. आपलं काम कुठेतरी चुकलेलं निघावं, असं तिला आयुष्यात पहिल्यांदा वाटलं.

"तुमचंच, ताई."

थोरलीने मान हलवली. त्याच वेळी मोबाइल वाजला. बिट्टी.

"आई, माझा चार्जर घरी राहिला का गं?"

"बॅगेच्या पुढच्या कप्प्यात बघ," थोरली म्हणाली. आवाज रोजचा होता. "उशीच्या खोळीत बघ नाहीतर."

"हो, आहे, सापडला. तू घरी पोचलीस?"

"जातेय. काकू आहे बरोबर. खिडकीतून हात बाहेर काढू नकोस."

"आई, मी नोकरीला चाललेय, शाळेच्या सहलीला नाही."

"तेच म्हटलं. सावकाश जा."

फोन बंद झाला. थोरलीने तो मांडीवर पालथा ठेवला, आणि मग तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. आवाज नाही, हुंदका नाही, नुसतं पाणी. धाकटीने तिच्या दंडाला धरलं.

"तिला सांगायला हवं, ताई. आजच."

"सांगू."

"कधी?"

"तू मला चार दिवस दिलेस ना सुखाचे? चुकून का होईना." थोरलीने पदराने तोंड पुसलं, पदराला लागलेला गाळ गालावर उमटला. "इतकी शांत झोप मला किती वर्षांत लागली नव्हती, सांगू? तिला पण चार देते. नव्या जागी पोचू दे, रुजू होऊ दे. मग मीच फोन करीन."

"ती मला माफ करायची नाही. मला विचारलंन तिने, तोंडावर."

"नाही करायची," थोरली म्हणाली. "मलाही नाही करायची. होईल ते होईल. आपण दोघी आहोत."

धाकटीला त्यापेक्षा ती ओरडली असती, चार शब्द लागट बोलली असती तर बरं वाटलं असतं. पण थोरलीला ते येत नव्हतं, आणि धाकटीला मागता येत नव्हतं.

"डॉक्टरीणबाई आजच या म्हणाल्यात ना?" थोरली उठली, साडीच्या निऱ्या झटकल्या. "मग चल. बंद होईल नाहीतर."

ती पुढे, धाकटी मागे, अशा निघाल्या. रस्ता ओलांडायची वेळ आली तेव्हा थोरलीने सवयीने हात मागे केला, आणि धाकटीने तो धरला.